हलीमचाचांची नावांची वही

नाशिकच्या भद्रकालीत माझ्या फुलांच्या टोपल्यांशेजारी हलीमचाचा पुस्तकांना बायंडिंग करत. हलीम म्हणजे सहनशील, हे त्यांनीच मला सांगितलेलं. माणूस मात्र तिखटजाळ. खळीचा डबा कुणी जागचा हलवला तरी अख्खी गल्ली डोक्यावर घ्यायचे.

पण मूल झालं की जुन्या नाशकातले मुसलमान त्यांच्याकडेच येत. सातव्या दिवशी बाळाचं जावळ काढून नाव ठेवायचं, त्याआधी चाचांची वही उघडायची. कोणतं नाव अरबी, कोणतं फारसी, कोणतं कुठल्या पैगंबराचं, सगळं तिच्यात लिहिलेलं. शबनम फारसी, म्हणजे दव. सकीना अरबी, म्हणजे मनाची शांती. "चांगल्या अर्थाचं नाव हा लेकराचा बापावरचा पहिला हक्क आहे," असं ते ठणकावून सांगत. मुलं दगावलेल्या घरातलं कुणी 'दगडू ठेवू का?' म्हणून विचारायला आलं, तर त्याची खैर नसे.

"दगड आहे का तो? माणूस आहे!" मग माझ्याकडे वळून म्हणत, "तुम्ही मनावर घेऊ नका, धोंडीरामभाऊ."

मी कशाला मनावर घेतोय? माझ्या आईची पहिली दोन गेली, म्हणून तिनं तिसऱ्याला धोंडी केलं. धोंडा कोण उचलून नेणार, एवढंच तिचं म्हणणं.

त्र्याहत्तर साली चाचांची एकुलती लेक जुलेखा मालेगावहून पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली. मुलगी झाली. चाचांनी आयेशा नाव काढलं, म्हणजे जगणारी. ती विसाव्या दिवशी गेली. दोन वर्षांनी मुलगा झाला, त्याचं यह्या. हे एका पैगंबराचं नाव, अर्थ तोच. तो चार महिने राहिला. तिसऱ्याचं हयात, म्हणजे आयुष्यच. त्याला सातवा दिवसही दिसला नाही, नाव घाईघाईनं दफनाआधी ठेवावं लागलं. डॉक्टर झाले, दर्ग्यावर चादर झाली. दर वेळी त्या एवढ्याशा कबरीवरचे गुलाब माझ्या टोपलीतून गेले. मी दुसरं काय करणार होतो?

एकोणऐंशीत जुलेखाला पुन्हा मुलगा झाला. सहाव्या दिवशी चाचा माझ्यापुढे येऊन उकिडवे बसले. वही आणलीच नव्हती.

"धोंडीरामभाऊ, तुमच्या आईनं नाव ठेवताना आणखी काय केलं होतं?"

"काही नाही. नाक टोचलं अन् धोंड्या म्हणाली."

"बस, एवढंच?"

"एवढंच."

"जुलेखा म्हणते, अब्बा, या वेळी अर्थ नका बघू. फक्त त्याला राहू द्या."

मला सांगायचं होतं, चाचा, यात काही नसतं. माझ्या धाकट्या भावाचं नाव दगडूच होतं, तो तीन वर्षांचा होऊन देवीच्या साथीत गेला. पण ते इतक्या आशेनं बघत होते की माझी जीभ उचलली नाही.

दुसऱ्या दिवशी बाळाचं नाव दगडू ठेवलं. चाचांनी ज्यांना कधीकाळी हाकलून दिलं होतं तेही आले होते, पण कुणी हसलं नाही. पुढं मात्र चाचांना त्या नावाची गोडी लागली. कातरी चालवता चालवता सांगायचे, दगड्या आज पालथा पडला, दगड्यानं माझी दाढी ओढली. पाच महिने झाले, सहावा लागला. मलाही वाटायला लागलं, कुणी सांगावं, असेलही काही त्या नावात.

थंडीत पोराला ताप भरला, छाती भरली, आणि तिसऱ्या दिवशी तो गेला.

कबरस्तानातून परतताना चाचांनी माझा हात धरला. "तुम्हाला लागू पडलं ना हो. मग आमच्या पोराला का नाही?"

तेव्हाही मी भावाचं काही बोललो नाही. साठीला आलेला, चांगला धडधाकट, मी त्यांच्यापुढे उभा होतो, आणि मला जिवंत असल्याची लाज वाटली.