अमराम वाकनीनला कुणीतरी मध्येच तोडा

सिगालितने अमराम वाकनीनला पहिल्यांदा पाहिलं, तेव्हा त्यात माणूस असा दिसतच नव्हता. इस्रायलच्या वाळवंटातल्या येरुहाम गावच्या मुख्य रस्त्यावरून धुळीचा एक लोट चालत आला, तिच्या बापाच्या फलाफलच्या, म्हणजे हरभऱ्याच्या वड्यांच्या, टपरीपुढे थांबला, आणि लोटाच्या आतून आवाज आला, "तिखट घाल, पोरी. घाबरू नकोस." तो रणगाड्याचा चालक होता आणि वाळवंटातला सराव आटपून आला होता. त्याने टोपी काढून गुडघ्यावर आपटली, तसं समोरचं टपाल कार्यालय दिसेनासं झालं. आत तिकिटं घेणारी माणसं वादळ आलं म्हणून बाकांखाली शिरली. ती धूळ पुढे ज्यूंच्या वल्हांडणाच्या सणाआधीच्या साफसफाईपर्यंत काकडीच्या कोशिंबिरीत सापडत होती, असं सिगालितची आई सुलताना आजही शपथेवर सांगते.

फलाफल भरायचा पावाचा खिसा वरून कापावा की बाजूने, यावरून त्याचं आणि सिगालितच्या बापाचं जुंपलं. हा बाप, मसऊद, म्हणजे साधं प्रकरण नव्हतं. त्याने बायको सोडून कुणापुढेही हार खाल्लेली नव्हती. छावणीकडे जाणारी बस आली, भोंगा वाजवून निघून गेली. दुसरी आली, तिच्या चालकाने खाली उतरून वादात मसऊदची बाजू घेतली आणि तोही अर्धा पाव खाऊन गेला. तोवर विषय पावावरून संरक्षणमंत्र्यावर पोचला होता. शेवटी दोघांचेही घसे बसले. मसऊदने एप्रनला हात पुसले आणि कुजबुजत्या आवाजात लेकीला म्हटलं, "हा जावई मिळाला तर म्हातारपणी मला रेडिओ लागायचा नाही."

जावई मिळाला. रेडिओ मात्र आधीपासूनच होता आणि तोही चालूच राहिला.

त्या घरात बोलण्याची रीत अशी, की कुणी वाक्य सुरू केलं तर ते दुसऱ्याने पूर्ण करायचं, आणि तेही चुकीचं. मग पहिल्याने ओरडायचं. मग तिसऱ्याने तिखट रश्शातला मासा पुढे सरकवत दोघांनाही मूर्ख ठरवायचं. यालाच माया म्हणत. ज्याचं बोलणं सगळे गप्प बसून ऐकतात, तो माणूस पाहुणा तरी असणार किंवा आजारी. शुक्रवारी दुपारी, शब्बाथ, म्हणजे शनिवारचा विश्रांतीचा दिवस, लागण्याआधी, टपरीसमोर प्लास्टिकच्या खुर्च्या टाकून गावातले पुरुष देश चालवायला बसत. या बैठकीला गावात संसदच म्हणतात. खऱ्या संसदेशी तिचा फरक एवढाच, की इथे कॉफी चांगली मिळते. अमराम तिथे विरोधी पक्षात होता. सरकार कुठलंही असो.

सैन्य सुटलं. तो वाळूच्या खाणीत मालमोटार चालवायला लागला. रणगाड्याच्या चालकाला जग एका फटीतून दिसतं, हातभर लांब, चार बोटं रुंद. त्या फटीतून त्याने आपला देश पाहिला होता: एक टेकडी, अर्धं झाड, समोरच्या रणगाड्याचा ढुंगणाकडचा दिवा. म्हणून की काय, आता मोकळा रस्ता दिसला की तो मालमोटार बाजूला घ्यायचा, टपावर चढायचा आणि नुसता बघत बसायचा. दुपारच्या उन्हात वाळवंट पाण्यासारखं हलायचं. लांबच्या बेदुईन तंबूंवरचा धूर सरळ वर जायचा आणि मध्येच काहीतरी आठवल्यासारखा वळायचा. खाणीचा मुकादम दूरध्वनीवरून शिव्या घालायचा. अमराम म्हणायचा, "येतोय, येतोय. जरा देश संपू दे."

अशाच एका दुपारी अमेरिकी प्रवाशांची एक बस येरुहाममध्ये बंद पडली. ते सगळे ज्वालामुखीच्या मुखासारखं दिसणारं वाळवंटातलं मोठं विवर बघायला निघाले होते. येरुहाममध्ये कुणी येत नाही, येरुहाममध्ये लोक अडकतात. वातानुकूलन गेलेल्या बसमधून ती माणसं उकडलेल्या बटाट्यांसारखी बाहेर पडली आणि टपरीच्या सावलीत विसावली. मसऊदने त्यांना थंड पाणी दिलं, सुलतानाने खजूर दिले, अमरामने देश दिला. मोडक्या इंग्रजीत आणि धडधाकट हातांनी त्याने त्यांना सगळं सांगितलं. त्याचे आजोबा मोरोक्कोतून आले तेव्हा त्यांना समुद्रकाठ दाखवतो म्हणून ट्रकमध्ये घातलं आणि रात्री या दगडांत उतरवलं, ते. इथलं पहिलं झाड कसं जगलं, ते. हल्ल्याचा सायरन वाजला की आई मुलांच्या आधी मासळीचं पातेलं घेऊन आडोशाला पळते, ते. सगळ्यांनी ऐकलं. फक्त एक केस कापलेली मुलगी मध्येच म्हणाली, "आणि कुंपणापलीकडे राहणाऱ्या अरबांचं काय?"

अमरामचा चेहरा खुलला. "बस! ही माझी मुलगी! बस इथे. हाच प्रश्न मी दर शुक्रवारी स्वतःला विचारतो आणि दर शुक्रवारी स्वतःशी भांडून घरी जातो." बस दुरुस्त होऊन गेली तरी ती दोघं भांडतच होती. मुलीला नंतर मालमोटारीने विवरापाशी सोडावं लागलं.

त्या सहलीची व्यवस्था करणारी बाई नुरीत. ती जेरुसलेममधल्या एका संस्थेत होती. परदेशी लोकांपुढे इस्रायलची बाजू मांडायची, आणि त्यांच्या राज्यकर्त्यांसाठी धोरणाची टिपणं तयार करायची, हे त्या संस्थेचं काम. नुरीतच्या घरी लहानपणी जेवताना बोलायची परवानगी मागावी लागे. लोक कसे ऐकत होते ते पाहून तिने अमरामला अमेरिकेतल्या भाषणांसाठी उचललं, सदरा दिला आणि शिकवायला बसली.

"एक मुद्दा मांडा आणि थांबा. लोकांना विचार करू द्या."

"बाई, मी थांबलो तर दुसरा बोलेल."

"अमेरिकेत नाही बोलत कुणी."

"मग त्यांना कळतं कसं कोण बरोबर आहे ते?"

पहिल्या दौऱ्यावरून तो परतला तो वाळलेल्या खजुरासारखा होऊन. सिगालितने त्याच्यापुढे वाफवलेल्या रव्याच्या कुसकुसचं ताट ठेवलं. "काय झालं रे?"

"काही नाही. तासभर बोललो. एक माणूस मध्ये बोलला नाही."

"एकही नाही?"

"एकही नाही. शेवटी सगळे उभे राहिले आणि टाळ्या वाजवल्या."

"अरे देवा," सिगालितने गालावर हात मारला. "इतकं वाईट?"

सुलतानाने मात्र आशा सोडली नव्हती. "कुणी उठून तरी गेलं का रे? दार आपटून?"

"नाही हो."

"मेल्यांना शिस्तच नाही," सुलताना म्हणाली आणि त्याला आणखी भाजी वाढली.

पण संस्थेला तो आवडला. भाषणांतून तो टिपणांकडे वळला. खाणीतून आल्यावर स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून तो धोरण लिहायचा, तेही मोठ्याने. पलीकडच्या बाल्कनीतल्या बिटोन बाई कपडे वाळत घालता घालता दुरुस्त्या सुचवायच्या. त्याच्या डोक्यात एकच मुद्दा घुमत होता: अमेरिकेकडून लष्करी मदत घेणं आपण हळूहळू बंद करावं आणि बरोबरीने, एकत्र, वस्तू बनवाव्यात. देणाऱ्याचा हात वर आणि घेणाऱ्याचा खाली असला, की मैत्रीची मान अवघडते, असं तो म्हणायचा.

आणि मग वॉशिंग्टनची जागा निघाली. संस्थेच्या तिथल्या कार्यालयात एक माणूस हवा होता. नुरीतने अमरामचं नाव पुढे केलं. तिकडून तीन पाहुणे येणार, जेरुसलेमच्या सभागृहात अमराम त्यांच्यापुढे आपलं टिपण मांडणार, त्यांना पटलं तर वाकनीन कुटुंब वॉशिंग्टनला जाणार.

अमराम हवेत चालायला लागला. नुरीतने त्याला त्या कार्यालयाचं छायाचित्र दाखवलं होतं. छतापासून जमिनीपर्यंत काच, काचेपलीकडे नदी. "सिगालित, अशी खिडकी, की अख्खी मालमोटार आडवी जाईल." झोपेत तो इंग्रजी बोलायचा. त्याच्या चेहऱ्यावर एक शांत, रुंद हसू पसरायचं.

सिगालितलाही स्वप्नं पडत होती, पण तिच्या स्वप्नात तिच्या स्वयंपाकघरात बर्फ पडत असे. बर्फ हळूच कुसकुसच्या चाळणीत साठायचा. ती आईला हाक मारायची आणि आई तळ्याच्या पलीकडच्या काठावरून हात हलवायची, ऐकू येत नाही म्हणून. येरुहामच्या बाहेर तळं आहे. माणसांनी बांधलेलं, गढूळ, पण वाळवंटात असल्यामुळे स्वतःला समुद्र समजणारं. सिगालित ज्या बालवाडीत शिकवते तिथल्या पोरांना ती तिथे बदकं दाखवायला नेते. ही बदकं, हा बाप, ही आई, ही बिटोन बाईंची बाल्कनी... हे सोडून जायचं या विचाराने ती बदकं पुन्हा मोजायला लागायची. पण अमरामपुढे ती एवढंच म्हणाली, "जा, बोल. छान बोल." आयुष्यात पहिल्यांदाच तिने त्याच्याशी वाद घातला नव्हता. अमरामने ओळखायला हवं होतं. पण तो मनाने वॉशिंग्टनच्या त्या खिडकीत होता.

त्या दिवशी सगळे जेरुसलेमला गेले. मसऊदने जेरुसलेममध्ये खायला काही मिळत नाही या भीतीने भरलेले पाव बरोबर घेतले होते. सिगालित शेवटच्या रांगेत बसली. पुढे तीन पाहुणे, नीट, इस्त्री केलेले. अमराम बोलायला उभा राहिला.

सुरुवात चांगली झाली. त्याने मुद्दा मांडला आणि शिकवल्याप्रमाणे थांबला. पाहुण्यांनी मान हलवली. कुणी बोललं नाही. त्याने दुसरा मुद्दा मांडला. पुन्हा मान. पुन्हा शांतता. सिगालितने पाहिलं, की त्याची नजर रांगांवरून फिरू लागलीय, तहान लागलेल्या माणसासारखी. तिसऱ्या मुद्द्याला त्याचे हात खाली आले. हात खाली आले म्हणजे अमराम निम्मा संपला. आवाज बारीक झाला. वाक्यं अर्ध्यावर सोडून तो थांबायचा, कुणीतरी ती चुकीची पूर्ण करील म्हणून वाट बघायचा, आणि मग बिचारा स्वतःच बरोबर पूर्ण करायचा.

सभागृहात एसीची गुणगुण होती. खिडकीतून येणारा पांढरा उजेड गालिच्यावर पडला होता आणि त्यात धुळीचे कण संथ तरंगत होते. सिगालितला वाटलं, आपण पाण्याखाली बसलोय. तिला फक्त एवढंच करायचं होतं: काहीच नाही. ती अशीच बसून राहिली असती, तर तो इथेच, या मऊ शांततेत बुडाला असता, आणि ती उद्या सकाळी बदकांकडे गेली असती. तिने मांडीवरच्या पर्सचा पट्टा घट्ट धरला. तिचा नवरा तिथे एकटा उभा होता आणि जगात त्याला एकही माणूस मध्येच तोडत नव्हता.

ती उठली. "चूक आहे!"

तिन्ही इस्त्र्या वळल्या. मसऊदच्या तोंडातला घास थांबला.

"मागच्या शुक्रवारी मासा खाताना तूच म्हणालास," सिगालित हिब्रूत ओरडली, "मदत थांबली तर पहिली कात्री राखीव सैनिकांच्या बुटांना लागेल. तेव्हा खोटं बोललास की आत्ता बोलतोयस?"

अमरामच्या अंगात कुणीतरी दिवा लावला. "तेव्हा अर्धवट बोललो! पुढे सांगणार होतो, तू मीठ मागितलंस!"

"मीठ कमी होतं!"

"मासा तुझाच होता!"

आणि मग तो सुटला. हात वर गेले. कारखाने, बूट, करार, मैत्री, सगळं हिब्रूत आणि इंग्रजीत, एकाच वाक्यात. असं सुंदर तो कधीच बोलला नव्हता. नुरीत डोळे मिटून बसली होती. मसऊदही उठला आणि त्याने दोघांनाही मूर्ख ठरवलं. एक पाहुणा दुसऱ्याच्या कानाशी लागून, ही बाई निदर्शक आहे का, असं विचारत होता. दारावरचा सुरक्षारक्षक सिगालितपाशी आला, पण तो मूळचा तिबेरियासचा, म्हणजे अशाच भांडकुदळ गावचा, असल्यामुळे आधी वाद ऐकत थांबला.

"आणि कुंपणापलीकडच्यांचं काय?" सिगालितने विचारलं. "तुझ्या एवढ्या मोठ्या टिपणात ते कुठे आहेत?"

"आहेत. अगदी शेवटी."

"शेवटी का?"

अमराम थांबला. या वेळी खरोखरच थांबला, शिकवल्यामुळे नव्हे. "कारण तिथे मला उत्तर सापडलं नाही," तो म्हणाला. "म्हणून शेवटी ढकललं."

पाहुण्यांपैकी एकाने हे लिहून घेतलं. सुरक्षारक्षकाने सिगालितला अदबीने दंडाला धरून बाहेर नेलं आणि मसऊदने त्याला एक पाव दिला.

परतीच्या बसमध्ये अमराम काचेला डोकं टेकून बसला होता. बाहेर डोंगर मावळतीच्या उजेडात गुलाबी होत होते, मग जांभळे, मग नुसता अंदाज उरला.

"कपारा," तो म्हणाला. माया दाटून आली की त्याच्या आजीचा हा लाडाचा शब्द त्याच्या तोंडी येतो. "आज काय रंगलं गं!"

"रंगलं."

"तू उठली नसतीस तर मी मेलो असतो तिथे."

 आपण उठलो ते त्याला वाचवायला, की वॉशिंग्टन बुडवायला, हे सिगालितने स्वतःला विचारून पाहिलं. दोन्ही उत्तरं एकमेकांना तोडत होती. तिने त्याच्या खांद्यावर मान टाकली. बस वळणं घेत खाली उतरत राहिली, आणि मागच्या बाकावर मसऊद झोपेतही कुणालातरी "चूक, चूक" म्हणत होता.

वॉशिंग्टनची जागा हैफाच्या एका तरुणाला मिळाली. त्याचं इंग्रजी चांगलं होतं. अमरामला संस्थेने बेअर शेव्हाच्या शाखेत अर्ध्या वेळेची नोकरी दिली. तिथे तो दुसऱ्यांनी लिहिलेली टिपणं वाचतो आणि त्यांतल्या चुका काढतो. उरलेला वेळ खाणीत मालमोटार चालवतो.