संतोकबेनचा पटारा

सिहोरहून लग्न होऊन आली तेव्हा संतोकबेनच्या बैलगाडीत एक पटारा होता. सागवानी, पितळेच्या पत्र्याने मढवलेला, खाली लाकडी चाकं, आत माणूस झोपेल एवढी पेटी. बापाने हौसेने करून दिलेली. सासरी पोचल्यावर कळलं, तिच्या खोलीचं दार अरुंद आहे. मग पटारा गेला समोरच्या मोठ्या खोलीत, म्हणजे जेठांच्या, नवऱ्याच्या थोरल्या भावाच्या. आणि जेठांच्या खोलीत धाकट्या सुनेने पाऊल टाकायचं नाही, ही रीत. आपलाच पटारा ती उंबऱ्याबाहेरून बघायची. काही काढायचं असलं की किल्ली जावेच्या हाती द्यायची. पुढे नवरा गेला, पोरबाळ नव्हतं. किल्ली तेवढी कमरेला राहिली.

जेठांशी, वालजीभाईंशी, ती कधी बोलली नव्हती. त्यांच्यासमोर पदर छातीपर्यंत ओढायचा आणि तोंडातून ब्र काढायचा नाही. अगदीच नड पडली तर भिंतीकडे वळायचं. "भिंतबाई, सांगा, गाय परत आली नाही." वालजीभाईही भिंतीलाच सांगायचे, "भिंतबाई, येईल म्हणावं." त्या घरात सगळ्यात जास्त राबली असेल तर ती भिंतच.

वालजीभाई कापसाच्या सौद्यात एका व्यापाऱ्याशी कोर्टात हरले आणि जप्ती आली. बेलिफने फ्रिज, मोटारसायकल आणि पटारा, तिन्ही लिहून घेतली.

"साहेब, पटारा माझा आहे," संतोकबेन म्हणाली.

बेलिफ हसला. "बेन, मी आलो की प्रत्येक घरातलं सगळं बायकांचंच निघतं. कोर्टात हरकत घ्या."

सुक्याबरोबर ओलंही जळतं ते असं. टेम्पोत चढवताना पटाऱ्याचं चाक करकरलं आणि तिला रडू आवरेना.

वालजीभाईंच्या वकिलाने हरकतीचा अर्ज केला, त्यात तिन्ही वस्तू संतोकबेनच्या नावावर घातल्या. सांगायला जाऊ आली, दिवाळीबेन.

"तू फक्त हो म्हण. पटाऱ्याबरोबर फ्रिजही सुटेल."

"भाभी, फ्रिज माझा कुठाय?"

"मग काय फ्रिजला साक्षीला बोलावणारेत? आणि खातेस कुणाच्या घरचं, संतोक?"

टोला वर्मी लागला. संतोकबेनने अर्जावर अंगठा उठवला.

कोर्टात वालजीभाई पुढच्याच बाकावर बसले होते. संतोकबेन पिंजऱ्यात पदर ओढून उभी. जज एक बाई होत्या.

"बेन, चेहरा दिसू द्या."

"साहेब, जेठ बसलेत."

"अहो, इथे कोर्टही बसलंय."

लोक हसले. तिने पदर कपाळापर्यंत सरकवला, आणि वालजीभाईंनी मान खिडकीकडे फिरवली. तेवढी त्या माणसाला समज होती.

व्यापाऱ्याचा वकील पुढे आला. "बेन, पटारा कुणाच्या खोलीत होता?"

"जेठांच्या."

"आतली पांघरुणं?"

"त्यांचीच."

"तुम्ही स्वतः शेवटचा कधी उघडलात?"

"सासरी आल्यापासून नाही."

"वा! आणि मोटारसायकलही तुमचीच म्हणे. गावात चालवता का?"

पुन्हा हशा. हो म्हणावं तर बापाचा पटारा या खोट्यात बुडणार. नाही म्हणावं तर संध्याकाळी जायचं कुणाच्या दारात? संतोकबेन सवयीने भिंतीकडे वळली.

"भिंतबाई, मोटारसायकल माझी नाही. फ्रिज माझा नाही. पटारा माझा, बापाने दिलेला. मी त्या खोलीत गेले नाही, कारण खोली जेठांची. पटारा गेला, कारण माझं दार लहान."

"कुणाशी बोलताय?" वकील खेकसला.

"बोलू द्या त्यांना," जजबाई म्हणाल्या, आणि लिहू लागल्या.

काही दिवसांनी हुकूम झाला. जी बाई घरच्यांचं नुकसान करून दोन वस्तू नाकारते, तिचा तिसऱ्या वस्तूवरचा शब्द खरा मानावा. पटारा सोडा, बाकीचं लिलावात काढा.

तोवर घरात सगळ्यांनी तोंड शिवलं होतं. जाऊ ताट सरकवून निघून जायची. भिंतीलासुद्धा काम नव्हतं. संतोकबेन एकटीच शहरात गेली आणि पटारा टेम्पोत घालून परतली. गल्लीत शिरताच पहारीचे घाव ऐकू आले. तिच्याच खोलीची चौकट उखडून अंगणात पडली होती. धुळीत वालजीभाई पहार घेऊन उभे.

संपलं, तिला वाटलं. घरातून काढलं. तिने पदर ओढला आणि किल्ली मुठीत घट्ट धरली.

वालजीभाईंनी टेम्पोकडे पाहिलं, मग अर्ध्या पाडलेल्या भिंतीकडे तोंड केलं. "भिंतबाई, तिला म्हणावं जरा बाजूला हो. हे मी तेव्हाच करायला हवं होतं. पटारा चाकासकट आत गेला पाहिजे."

संतोकबेनने माठातून लोटा भरला आणि चौथऱ्यावर ठेवला.

"भिंतबाई, सांगा, फ्रिज नाही आता. माठातलंच आहे."

"गोड आहे म्हणावं," लोटा रिकामा करून वालजीभाई म्हणाले.

टेम्पोवाला आणि त्यांनी मिळून पटारा आत ढकलला. मग संतोकबेनने दारावर पडदा ओढला, आणि सासरी आल्यापासून पहिल्यांदा आपल्या हाताने कुलपाला किल्ली लावली.