गुरुवारचा डबा

"आत्या, आज बटाटं लावू नका."

"लावलेत. दोन शिट्ट्या झाल्या."

"मग भाजी टाकू त्याची. पण ते सॅलड नको."

"गुरुवार हाय आज. तुझी पाचची एसटी हाय, तू तुझं आवर. माझी रवी कशाला धरतीस?"

राजेश्वरीने खरंच सासूच्या हातातली रवी धरली होती. तिची बॅग दाराशी भरून ठेवलेली. बारामतीच्या एका दवाखान्यात तिला नोकरी लागली होती, राहायचंही तिथंच. छबूबाईने रवी सोडवून घेतली, उभट पातेलं पायांत घट्ट धरलं आणि अंड्याच्या बलकात तेलाची बारीक धार सोडत पुन्हा घुसळायला लागली. मेयोनीज रवीने घुसळणारी अख्ख्या सणसरमध्ये ती एकटीच.

सुप्याच्या कोरडवाहू रानात तिचं लहानपण गेलं. तिथं बटाटा दिसायचा तो उपासाला. लग्न होऊन ती सणसरच्या उसात आली, आणि साठीला आल्यावर हे बटाट्याचं जपानी सॅलड शिकली. शिकवलं नागेशनं, तिच्या एकुलत्या एक मुलानं. तो बारामतीतल्या एका कंपनीत ओकादा नावाच्या जपानी इंजिनियरची गाडी चालवायचा. गुरुवारी कंपनीला सुट्टी. साहेब त्या दिवशी स्वतः रांधायचा आणि डबाभर सॅलड नागेशला द्यायचा. छबूबाईने नुसत्या चवीवरून पहिल्यांदा केलं तेव्हा वरून मोहरी-कढीपत्त्याची चरचरीत फोडणी दिली. नागेशने तो डबा नेला, साहेबाने मुकाट्याने सगळं संपवलं, आणि पुढच्या गुरुवारी नागेशला ओट्याशी उभं करून एकेक पायरी दाखवली.

मग नागेश आईच्या मागे उभा राहून मास्तरकी करायचा. व्हिनेगर बटाटा गरम असतानाच टाक, निवल्यावर आत शिरत न्हाय. काकडी पातळ चीर, मीठ लावून पिळ, पाण्याचा थेंब राहू देऊ नको. कांदा पाण्यात ठेव. आणि आई, पुरणासारखं वाटू नकोस गं, थोड्या फोडी दाताखाली आल्या पाहिजेत.

नवरा कुंडलिक माळकरी, गळ्यात तुळशीची माळ. त्याच्या घरात अंडं कधी शिजलं नव्हतं. पोराच्या हट्टापुढे तो नमला, पण अटी घालून: स्टोव्ह पडवीत, भांडी वेगळी, आणि एकादशीला अंडं नाही.

दोन वर्षांपूर्वी ओकादा साहेब कायमचा मायदेशी निघाला तो दिवस नेमका गुरुवारचा आणि नेमका एकादशीचा. नागेशला साहेबासाठी आईच्या हातचा डबा न्यायचा होता. उजाडायच्या आत छबूबाईने काकडी चिरून ठेवली होती. कुंडलिक पडवीच्या दारात येऊन उभा राहिला. "एकादशीला ह्या उंबऱ्यात अंडं फुटणार न्हाय," एवढंच बोलला. तिने हातातलं अंडं टोपलीत परत ठेवलं. नागेश म्हणाला, असू दे आई, आल्यावर खाऊ. आणि सवयीने रिकामाच डबा उचलून उपाशी निघाला. साहेबाला त्याने विमानतळावर पोचवलं. येताना, एकटा असताना, ट्रक आडवा आला. घरी डबा तेवढा परत आला.

छबूबाईने अन्न टाकलं. तेरावं झाल्यावर पहिल्या गुरुवारी तिने सॅलड केलं, त्याच डब्यात भरलं आणि पडवीतल्या कोनाड्यात ठेवलं. शुक्रवारी सकाळी डबा रिकामा. त्या दिवशी तिने अख्खी भाकरी खाल्ली.

तेव्हापासून एक गुरुवार चुकला नव्हता. शुक्रवारी ती डबा उजेडात धरून आतून न्याहाळायची, काठावरच्या बोटांच्या खुणा बघायची. कधी म्हणायची, पहाटे झाकण वाजलं. कधी म्हणायची, फाटकाशी दोनदा हॉर्न झाला, त्याची तीच सवय. शेजारच्या बायका हळहळत उठून जात. राजेश्वरी मान खाली घालून भांडी घासत राही.  गेल्या श्रावणापासून कुंडलिक एकादशीच्या भजनालाही जाईनासा झाला होता. गुडघे धरलेत म्हणायचा.

आत्ता तो पडवीच्या टोकाला दोरी वळत बसला होता.

बटाटे सोलताना छबूबाईचे हात भाजत होते. राजेश्वरी समोर बसली आणि एक बटाटा तिने स्वतःकडे ओढला.

"आत्या, उद्या सकाळी डबा भरल्याला दिसंल."

"का?"

"कारण मी नसंन."

छबूबाईचा हात थांबला.

राजेश्वरीने मग सगळं सांगितलं. त्या पहिल्या शुक्रवारी ती लवकर उठली होती. कोनाड्यात डबा भरलेलाच होता, आणि सासू दोन आठवडे पाण्यावर होती. हिनं आता हे भरलेलं पाहिलं तर ही पण जाईल, असं तिला वाटलं. उभ्या उभ्या तिने घशाखाली उतरवलं. ते गिळताना नागेशची एवढी आठवण झाली की पुढच्या शुक्रवारी पहाटे जागच आपोआप आली. "मला माफ करा. पण माझ्या माघारी तुमी उपाशी राहाल, म्हणून सांगून चालले. तो येत न्हाय, आत्या."

 छबूबाई रडली नाही. बोटांवर काहीतरी मोजत राहिली.

"गेल्या नागपंचमीला तू वडगाव निंबाळकरला गेलीस. माहेरी किती दिवस होतीस?"

"अकरा."

"त्यात दोन गुरुवार आले. दोन्ही बारीला डबा रिकामा होता."

"मांजर आसंल."

"झाकण लावल्यालं होतं. आणि डबा धुऊन पालथा घातल्याला. तू धुवायचीस?"

राजेश्वरीने मान हलवली. तिने कधीच धुतला नव्हता. सासूला खुणा बघायला मिळाव्यात म्हणून तसाच ठेवायची.

 उतरत्या उन्हात कोनाडा अर्धा उजळला होता, अर्धा काळा. राजेश्वरीच्या दंडावर काटा आला. घरात उरलं होतं तरी कोण? दोघींची नजर एकदमच पडवीच्या टोकाला गेली. दोरी वळणारे हात थांबले होते.

छबूबाई उठली. हाताला लागलेला बटाटा तसाच.

"धनी, तो आलता?" तिचा आवाज अगदी हलका झाला. "का तुमी खाल्लं?"

कुंडलिकचा हात माळ चाचपायला गळ्याशी गेला. तिथं सदऱ्याचं लावलेलं वरचं बटण तेवढं होतं. तो उठला. गुडघ्यांवर हात न टेकता, सरळ उठला. खुंटीवरची टोपी घेतली, वहाणा तिथेच राहिल्या, आणि उंबरा ओलांडून उसाच्या वाटेला लागला.