वडिलांच्या कृपेने

माझ्या प्रबंधाच्या ऋणनिर्देशात पहिलंच वाक्य होतं, 'बापाच्या कृपेने हे काम पुरं झालं.' आम्ही ख्रिस्ती. प्रार्थनेत आम्ही देवाला बाप म्हणूनच हाक मारतो. माझ्या मार्गदर्शक सरांनी लाल पेनाने 'बापाच्या' खोडलं, वर 'वडिलांच्या' लिहिलं आणि सगळ्या मराठी विभागासमोर ते वाचून दाखवलं. "पीएच.डी. मराठीत करताय, निदान जन्मदात्याचा तरी नीट उल्लेख करा."

सगळे हसले. मी म्हटलं, "सर, हा बाप म्हणजे देव."

"मग तर नकोच. देव घरी ठेवायचा. हे संशोधन आहे."

याच सरांनी खंडेनवमीला विभागाच्या कॉम्प्युटरला कुंकू लावून झेंडूचा हार घातला होता. पेढा मीही मुकाट्याने खाल्ला होता. आताही मुकाट्याने दुरुस्ती केली, कारण सही त्यांची हवी होती.

बाबा कंपाउंडर होते. बांधलेली प्रत घरी आली तेव्हा त्यांनी हात धुतले, चष्मा पुसला आणि ती उघडली. पहिलं वाक्य वाचून लगेच मिटली. "बाय, देवाच्या जागेवर मला कशाला बसवलंस गो?"

मी सरांचा सगळा प्रकार सांगितला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतला आणि विचारलं, "पण टाइप कोणी केलंन?"

पुढे वारले, तोवर बाबांनी त्या प्रतीला पुन्हा हात लावला नाही. त्या दिवसापासून मी सरांचा द्वेष मन लावून केला. लाल खुणांचं ते पान बायबलमध्ये जपून ठेवलं. रविवारी चर्चमध्ये पाळक क्षमेवर बोलू लागले की मी खिडकीतून मांडवीच्या किनाऱ्याकडे जाणाऱ्या रिक्षा मोजत बसे.

यंदा संधी आली. सर कधीच निवृत्त झालेत, विभागप्रमुख मी आहे, आणि त्यांचा लेखसंग्रह आमचं कॉलेज छापतंय. मुद्रितं माझ्या सहीशिवाय पुढे जात नाहीत. प्रस्तावनेत त्यांनी लिहिलं होतं, 'श्रींच्या कृपेने.' मी समासात लाल पेनाने लिहिलं, 'श्री कोण? पूर्ण नाव द्यावे. देव असल्यास वगळावा.' लिहिताना मला फार बरं वाटलं.

शुक्रवारी सर स्वतः आले. जिना चढून धाप लागली होती. "मॅडम, श्री म्हणजे गणपती, हे तुम्हाला ठाऊक नाही?"

मी जुनं पान त्यांच्यापुढे सरकवलं. त्यांनी ते दोनदा वाचलं.

"देवाला कोणी बाप म्हणतं, हे मला खरंच ठाऊक नव्हतं," ते म्हणाले. "तुम्ही सांगितलंत, पण सगळ्यांसमोर माघार घ्यायची लाज वाटली."

"मग आता दुरुस्त करा."

त्यांनी पेन घेतलं आणि सवयीने पानाच्या माथ्यावर आधी बारीक 'श्री' काढला. चूक लक्षात येताच थबकले, माझ्याकडे बघितलं. मग त्यांनी 'वडिलांच्या' खोडून 'बापाच्या' लिहिलं. एवढी वर्षं मी या क्षणाची वाट बघितली होती, आणि ते पान ज्यांना दाखवायचं ते बाबाच नव्हते. ते असते तरी त्यांनी मला तेच विचारलं असतं, 'टाइप कोणी केलंन?'

"आता माझ्या पुस्तकाचं?" सरांनी विचारलं.

"सोमवारी बघते," मी म्हटलं.

सही तेव्हाही करता आली असती. पण मला त्यांना दोन दिवस ताटकळत ठेवायचं होतं. ते गेल्यावर लक्षात आलं, मध्ये रविवार आहे आणि चर्चमध्ये मलाच जायचंय.