तिसऱ्या रांगेतली नाइमा

जाकार्ताच्या दक्षिणेला, चिगांजुरमधल्या एका गल्लीत राहणारी नाइमा हसून पोट भरायची. टीव्हीच्या स्टुडिओत विनोदी कार्यक्रमांपुढे बसायला रोजावर बायका नेतात, त्यांत ती मुरलेली. सगळे तिला मपोक, म्हणजे ताई, म्हणत. तिचं हसू आधी नाकात फुरफुरायचं, मग घशाशी अडून किटलीसारखी शिटी मारायचं, आणि फुटलं की मागची अख्खी रांग लोळायची.

हसायचं मात्र गिलांगच्या हातावर. हा गिलांग कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राही, कानात यंत्र, बोलणं सगळं नाकातून. "मपोक लोक, जरा जीव ओता हं. काल मयताला आल्यासारख्या बसला होतात." त्याचा पंजा वर गेला की हसायचं, मूठ वळली की गप्प. मुठीत जी हसली, तिला पुढचं बोलावणं नाही.

नाइमाचा थोरला भाऊ सानवानी लेनोंगमध्ये नोकराचं काम करायचा. लग्नाच्या मांडवात चटया टाकून बघायचं हे नाटक. त्यात लिहिलेलं काही नसतं. नट अर्धं बोलतो, उरलेलं चटईवरची माणसं ओरडून पुरं करतात. आता लग्नांत की-बोर्डवाला नि एक गायिका पुरतात, म्हणून सानवानी घरीच असे. अशात स्टुडिओने त्याला बोलावलं. लोक हसले तर दर आठवड्याला काम.

"बांग, तालीम तरी कर," नाइमा म्हणाली; थोरल्या भावाला ती बांग, म्हणजे दादा, म्हणे.

"तालीम कसली? माशाला पोहायला शिकवतेस? तू समोर आहेस ना, मग झालं."

तालीम झालीच नाही, त्यामुळे हसायचं कुठे हे गिलांगलाही ठाऊक नव्हतं. सानवानी खांद्यावर सारोंगची लुंगी टाकून, कंबरेत वाकून आला. "घरात चोर शिरला," तो म्हणाला. "मी लपायला पलंगाखाली गेलो. तर आतून आवाज आला, 'दुसरीकडे बघ, इथे मालक आहेत.'"

आणि तो थांबला.

इथे चटईवरून कुणीतरी विचारायचं असतं, 'आणि मालकीणबाई?' मग तो म्हणतो, 'त्या चोराला विचारत होत्या, साखर किती घालू?' नाइमा परकरात असल्यापासून हा प्रश्न तीच विचारत आली होती. आत्ताही तो तिच्या जिभेवर आला, हसू नाकात फुरफुरलं. तिने गिलांगकडे पाहिलं. मूठ. तिने दोन्ही गिळली.

सानवानीने वाट पाहिली. तिसऱ्या रांगेकडे पाहत त्याने हळूच भुवई उडवली. मग घसा खाकरून म्हणाला, "माफ करा. पुढचं काही सुचत नाही."

तेव्हा गिलांगचा पंजा वर गेला. नाइमाची किटली शिटी मारून फुटली, आणि तिच्यामागे सगळा स्टुडिओ.

परतताना अंगकोतमध्ये, म्हणजे त्या डुगडुगत्या छोट्या बसमध्ये, सानवानी खिडकीकडे तोंड करून म्हणाला, "जुना माल झालाय माझा. आता हसू येत नाही लोकांना."

त्याला बरं वाटावं म्हणून नाइमाने खरं सांगितलं. "येत होतं रे, बांग. प्रश्नही आला होता तोंडात. पण हात वर नव्हता."

"प्रश्नाची जागा ओळखूच आली नाही, असं म्हणाली असतीस," सानवानी म्हणाला, "तर चाललं असतं."

पुढे शेजारच्या पोराच्या सुंतेची मेजवानी झाली. सानवानी आला, भात वाढून घेऊन चटईवर बसला. एका म्हाताऱ्याने डिवचलं, "काय रे, तुझ्या घरी चोर आला होता म्हणे?" सगळे त्याच्याकडे वळले. नाइमा तर भाताचं भांडं तसंच सोडून दारात येऊन उभी राहिली, प्रश्न विचारायला तयार.

"नाही बुवा," सानवानी म्हणाला, "कुणी आलं नव्हतं," आणि त्याने मिरचीची चटणी मागितली.