जहाजाचं वाक्य

रिबेकाबाई गेल्याचं मला शाळेत कळलं. मधली सुट्टी संपत आली होती, मी नववीच्या निबंधाच्या वह्या गोळा करत होते, आणि मुलुंडला बाईंच्या शेजारी राहणारे देसाई शिक्षकांच्या खोलीच्या दारात येऊन उभे राहिले. आत येईनात. मी विचारलं, "बाई?" त्यांनी मान हलवली. "सकाळी दार उघडलं नाही. खुर्चीतच होत्या." याला आता सात आठवडे झाले. चार वर्षं मी या बातमीची वाट पाहत होते, असं म्हटलं तर वाईट दिसेल... पण चौऱ्याऐंशीच्या मे महिन्यानंतर बाईंमधलं काहीतरी विझत चाललेलं मला दिसत होतं.

रिबेका झिराडकर आमच्या शाळेत गणित शिकवायच्या. मी मराठीची, त्यांच्याहून वीस वर्षांनी धाकटी. बाई अलिबागकडच्या बेने इस्रायल, म्हणजे कोकणातल्या यहुदी घरातल्या. "कोकणात आम्हाला शनवार तेली म्हणायचे," त्या सांगत, "शनिवारी घाणा बंद म्हणून. पूर्वजांचं जहाज किनाऱ्याशी फुटलं, त्यातून जे वाचले त्यांची आम्ही पोरं." भाऊ सगळं बिऱ्हाड घेऊन इस्रायलला गेला, तेव्हा यांनाही चला म्हणत होता. "तिकडे मराठीतून भांडू कुणाशी?" म्हणून त्या राहिल्या. निवृत्त झाल्यावर मात्र शनिवार कडक पाळायला लागल्या. त्या दिवशी चूल नाही, लिहिणंसुद्धा नाही. वाचायला मुभा होती.

वाचायचं होतं ते एकच पुस्तक. भायखळ्याच्या एका बगदादी यहुदी कुटुंबाकडून त्यांच्या वडिलांना मिळालेलं. बाराव्या शतकात स्पेनमध्ये जन्मून मिसर देशात वैद्यकी करणाऱ्या एका यहुदी तत्त्वज्ञाचा तो ग्रंथ. अडचण अशी की त्याची लिपी हिब्रू आणि भाषा अरबी. वडिलांनी शिकवल्यामुळे बाईंना अक्षरं खडाखड वाचता येत, पण अर्थ लागत नसे. मग कुणाच्या तरी ओळखीने परकारसर आले. श्रीवर्धनकडचे, शाळेत अरबी शिकवून निवृत्त झालेले, राहायला गोवंडीला. त्यांना हिब्रू अक्षर ओळखता येत नव्हतं. बाईंनी पहिल्या दिवशी एक ओळ मोठ्याने वाचली आणि सर खुर्चीत ताठ बसले. "पुन्हा म्हणा बाई. अहो, हे मला कळतंय."

तेव्हापासून दर शनिवारी दुपारी बाई वाचायच्या, सर डोळे मिटून ऐकायचे आणि मराठीत सांगायचे, मी लिहून घ्यायचे. तीन वर्षांत सहा वह्या झाल्या. देवाबद्दल तो काय नाही एवढंच बोलता येतं, तो असा आहे असं म्हणणं हीच चूक, हे वाचलं तेव्हा सर म्हणाले, "आमच्याकडच्या जुन्या पंडितांनी हेच म्हटलंय. ग्रीकांचं अरबांनी घेतलं, अरबांचं यांनी." मी म्हटलं, आजोळी कीर्तनात निर्गुणाचं वर्णन असंच ऐकलंय. बाई हसल्या. "म्हणजे तिघांनाही ठाऊक नाही यावर एकमत."

त्या मे महिन्यात आम्ही देवाची नजर कुणाकुणावर असते, या प्रकरणावर आलो होतो. पान गळतं, कोळी माशी खातो, ते योगायोगाने. पण माणसाचं काय? बाईंनी वाक्य वाचलं. सरांनी ते पुन्हा वाचायला लावलं. मग हळू आवाजात सांगितलं, "जहाज बुडतं तो योगायोग असेल. पण त्या जहाजात कोण चढलं, तो योगायोग नाही. ते ज्याच्या त्याच्या लायकीप्रमाणे वरूनच ठरतं." बाईंनी पुस्तक मिटलं. "हे नीट लागलेलं नाही. लिहू नकोस, सुमन. पुढच्या शनिवारी परत बघू."

मी पेन्सिलीने लिहून टाकलं होतं. खोडलं नाही.

त्या आठवड्यात भिवंडीच्या दंगलीच्या बातम्या आल्या आणि मग शहरातही ठिकठिकाणी पेटलं. शुक्रवारी मी बाईंकडे होते. खालच्या दवाखान्यात सरांचा फोन आला म्हणून आम्ही दोघी उतरलो. बाईंनी रिसीव्हर कानाला लावला. पलीकडचं मला ऐकू येत नव्हतं. बाई म्हणाल्या, "मुलुंडला शांत आहे. ते वाक्य डोक्यातून जात नाहीये हो. जमलं तर याच." क्षणभर थांबून, "बरं, वाट बघते." मला वाटलं होतं, नको म्हणावं. मी नुसती उभी राहिले.

शनिवारी सहापर्यंत आम्ही दाराकडे बघत बसलो. तिसऱ्या दिवशी सरांच्या मुलाला ते इस्पितळात सापडले, डोक्याला मार लागलेले. कुठे, कुणी, काहीच कळलं नाही. पाच दिवसांनी गेले, एक शब्दही न बोलता. संचारबंदी उठल्यावर आम्ही गोवंडीला गेलो. त्यांची बायको अमीनाबी शांत होती. तिने बाईंना पाणी दिलं आणि म्हणाली, "मी म्हटलं नका जाऊ. तर म्हणाले, बाई वाट बघतील." बाईंच्या हातातला पेला तसाच राहिला. परतताना बसमध्ये त्या एवढंच म्हणाल्या, "मी चढवलं त्यांना."

पुस्तक पुन्हा उघडलं गेलं नाही. पण अमीनाबीकडे जाणं बाईंनी सोडलं नाही. दर महिन्याला जायच्या, तासभर बसायच्या, फार बोलायच्या नाहीत. खाणं कमी झालं, डोळे जवळजवळ गेले. भावाची पत्रं मी वाचून दाखवायचे. शेवटच्या भेटीत मी उठले, तर हात धरून म्हणाल्या, "ते तू लिहिलं होतंस ना?"

"हो."

"वाच."

मी त्यांच्या कपाटातली वही काढली नाही, मला पाठ होतं. म्हणून दाखवलं. बाईंनी तोंड खिडकीकडे वळवलं. "हा ग्रंथ लिहिणाऱ्याचा धाकटा भाऊ हिंदुस्थानच्या व्यापाराला निघाला आणि समुद्रात बुडाला. हा वर्षभर अंथरुणाला खिळला होता. त्यानंतर कितीतरी वर्षांनी त्याने हे वाक्य लिहिलं. आपल्या भावाचं जहाज आठवत असताना... कसं लिहिलं असेल गं?"

तेरा दिवसांनी देसाई शाळेत आले.

भावाचा मुलगा येऊन घर आवरून गेला. पुस्तक त्याने नेलं, वह्या मला दिल्या. काल पहिल्यांदाच सहावी वही उघडली. गणिताच्या वहीत उत्तर चुकलं तरी बाई कधी फुली मारत नसत. मुलाला उत्तर सांगतही नसत. समासात लाल शाईने दोनच शब्द लिहीत आणि वही परत देत. शेवटच्या पानावर माझ्या पेन्सिलीतल्या त्या ओळीशेजारी तीच शाई आहे. अक्षर थोडं हललेलं, ओळ सोडून खाली उतरलेलं, म्हणजे दिसेनासं झाल्यावर कधीतरी, हाताने चाचपत लिहिलेलं...

पुन्हा पाहा.