‘काही नाही’मध्ये काय काय

माणसाने काय खावे हे दुसऱ्या माणसाला सांगणे ही मोठी जबाबदारी आहे, आणि ती पुरेसा अभ्यास, अनुभव व अधिकृत नोंदणी असल्याशिवाय कोणीही उचलू नये. विश्रांतवाडीतल्या आमच्या सोसायटीत ती तेव्हा सगळेच उचलत होते. तळमजल्यावरचा जिमवाला अंड्यातले पांढरे खायला सांगायचा, समोरच्या काकू मेथीचे पाणी सांगायच्या. नोंदणीच्या मागे लागलेली मी एकटीच होते.

त्यासाठी एम.एस्सी.नंतर एका मोठ्या रुग्णालयात सहा महिने उमेदवारी, तिथल्या मुख्य आहारतज्ज्ञ मॅडमची सही, मग लेखी परीक्षा आणि शेवटी तोंडी, असा रस्ता होता. वडील सरकारी खात्यातून निवृत्त झालेले. त्यांना नोंद नसलेली कुठलीही गोष्ट अस्तित्वातच नाही असे वाटते. मी उमेदवारीला लागले त्याच आठवड्यात त्यांनी माझ्या नावाची पितळी पाटी करून आणली. खाली ‘नोंदणीकृत आहारतज्ज्ञ’.

“अहो, अजून परीक्षा व्हायचीय तिची,” आई म्हणाली.

“होईल की. नाही झाली तर पाटी कपाटामागे राहील. पितळ नासत नाही.”

पाटी वर्तमानपत्रात गुंडाळून कपाटामागे गेली. केर काढताना दर वेळी माझा झाडू तिला लागायचा आणि ती वाजायची.

रुग्णालयात माझे मुख्य काम म्हणजे रुग्णाने मागच्या चोवीस तासांत काय खाल्ले ते विचारून लिहिणे. सोपे वाटले होते. पहिल्याच आठवड्यात धायरीचे एक आजोबा दाखल झाले. पूर्वी शेती होती, आता तिथे इमारती आहेत. पायाची जखम भरत नव्हती आणि साखर भलतीच वाढलेली. शेजारी सूनबाई बसल्या होत्या.

“काल दिवसभरात काय काय खाल्लं, आजोबा?”

“काल एकादस व्हती. काय खानार? काय नाय.”

सूनबाईंनी मान डोलावली. मी लिहिले, निरंक. हा शब्द वडिलांकडून आलेला.

यात माझ्या घराचा दोष आहे. आम्ही बौद्ध. आमच्याकडे पौर्णिमेला उपोसथ असतो. दुपारी बारानंतर खायचे नाही म्हणजे नाही, आणि आईच्या राज्यात त्याला पळवाट नाही. साबुदाण्याची खिचडी मी मैत्रिणींच्या डब्यांतून भरपूर खाल्ली होती. उपवासाला ती खातात हे मला ठाऊक होते. ती खाऊनही ‘काही खाल्लं नाही’ असे मनापासून म्हणता येते, हे ठाऊक नव्हते.

मी गंभीर चेहऱ्याने मॅडमपुढे गेले आणि म्हणाले, दिवसभर उपाशी राहूनही साखर इतकी, हा प्रकार दुर्मीळ वाटतो.

मॅडमनी कागद पाहिला. “अभिनंदन. हवा खाऊन साखर वाढते, असा शोध लावलात. चला, दाखवा तुमचा रुग्ण.”

आजोबांच्या खाटेशी जाऊन त्यांनी अगदी सहज विचारले, “काय आजोबा, खिचडी मऊ झाली होती का काल?”

“लई झ्याक!”

“किती घेतली?”

“घेतली असंल वाटीभर.”

मॅडम काही बोलल्या नाहीत. नुसत्या पाहत राहिल्या. आजोबांनी चादरीची सुरकुती नीट केली. मग म्हणाले, “दोन वाट्या. आन् सांजच्याला रताळ्याचा कीस.”

“गूळ घालून,” सूनबाई म्हणाल्या.

बाहेर आल्यावर मॅडम म्हणाल्या, “पहिला आकडा सांगितला की गप्प बसायचं. खरा आकडा मागून येतो. आणि पुन्हा निरंक लिहिलंत तर तुमच्या कागदावर माझी सहीही निरंक.”

सही अखेर मिळाली. लेखीही पार पडली. तोंडीला समोर दोघे होते, एक डॉक्टर आणि एक ज्येष्ठ बाई, इस्त्रीच्या सुती साडीतल्या. बाई म्हणाल्या, “समजा, मी मधुमेहाची रुग्ण. कालचा माझा आहार काढून घ्या.”

“काल काय काय खाल्लंत, मॅडम?”

“काल संकष्टी होती. चंद्रोदयापर्यंत काही नाही.”

मला कपाटामागची पाटी वाजल्यासारखी वाटली.

“बरं. या ‘काही नाही’मध्ये काय काय होतं?”

डॉक्टरांनी पेन खाली ठेवले. बाईंनी चष्मा काढून माझ्याकडे पाहिले.

“वरीचे तांदूळ. दाण्याची आमटी.”

“आणि अधूनमधून? स्वयंपाकघरात उभ्या उभ्या?”

“राजगिऱ्याची वडी. एक.”

मी गप्प बसले. पंखा फिरत होता. डॉक्टर छताकडे पाहू लागले.

“दोन,” बाई म्हणाल्या. “सल्ला काय द्याल?”

‘उपवास बंद करा’ म्हणावे, तर रुग्ण पुन्हा येत नाही. ‘चालू द्या’ म्हणावे, तर साखर येते.

“उपवास करा. फक्त त्या दिवशीही आपण जेवतो, हे धरून चाला.”

बाईंनी चष्मा लावला. “या आता.”

घरी वडिलांनी विचारले, “काय म्हणाल्या?”

“या आता, म्हणाल्या.”

“लेखी काही?”

“नाही.”

“मग याला निर्णय म्हणता येणार नाही,” असे म्हणून ते फिरायला गेले. पण जाताना कपाटामागे डोकावले.

निकाल आला तेव्हा त्यांनी स्वतः ड्रिल मशीन आणून पाटी दाराला लावली, पातळी पाण्याच्या बाटलीने तपासली आणि मला पेढ्यांचा बॉक्स देऊन मजल्यावर वाटायला पाठवले. समोरच्या काकूंनी पाटी मोठ्याने, शब्द सुटा सुटा करून वाचली. मग माझ्या डोक्यावर हात ठेवला.

“आता आमच्या शुगरचं तूच बघ हो. कुणाकुणाचं ऐकत बसायचं?”

मी अधिकृतपणे विचारला तो पहिला प्रश्न. “काकू, आज सकाळपासून काय खाल्लंत?”

“काही नाही गं, एकादशी आहे,” असे म्हणून त्यांनी दुसरा पेढा उचलला. पेढा उपवासाला चालतो.